शनिवारचं पाणी

पडद्यावर आपली हनुवटी एवढी लोंबते, हे शुलामिथ आवसकरला वयाच्या अडुसष्टाव्या वर्षी कळलं, तेही रविवारी सकाळी, वाचनालयाच्या सभागृहात, शंभरेक माणसांच्या देखत. तिला हसू आलं. आरशात माणूस आपल्याला हवं तेवढंच बघतं, कॅमेऱ्याला कुठली आलीय भीड! पडद्यावरची ती हनुवटीवाली बाई मात्र मोठ्या ऐटीत बोलत होती : "तीस वर्षं मी त्या कंपनीत होते, सांडपाणी तपासायचे. माझ्या सहीचा एकही रिपोर्ट खोटा गेला नाही. एका थेंबाचा फरक पडला तरी मी अख्खी टेस्ट परत लावायचे." मागच्या रांगेतून कोणीतरी "वा!" म्हणालं. शेजारी बसलेल्या पूर्वीने, ही फिल्म जिने केली त्या मुलीने, तिचा हात दाबला. शुलामिथला बरं वाटलं, का नाही वाटणार? आणि त्या बरं वाटण्यातच ती असताना पडद्यावर खाडी आली. ओहोटीचा चिखल, मागे ओळीने कारखान्यांची धुराडी, आणि पुढे उकिडवी बसून निवट्या, म्हणजे चिखलातली मासळी, निवडणारी एक म्हातारी. खाली नाव उमटलं, ठमाबाई. म्हातारीने वर न बघताच सांगायला सुरुवात केली. "शनवारी आमी जाल टाकीत नाय. मारुतीचा वार हाय. शनवारी पानी तांबडा येतं, मासली उलटी होते. आज माजे पान्यात उतरू नका, असा देवाचा हुकूम. गावानी नेम धरलाय, पंचवीस-तीस वरसं झाली आता."

सभागृहात हलकं हसू पसरलं. प्रेमाचंच हसू होतं ते, म्हाताऱ्या माणसांच्या देवभोळेपणाला शहाणी माणसं हसतात तसं. शुलामिथ हसली नाही. शनवारी, असं म्हणाली ती. मंगळवारी नाही, अमावास्येला नाही. ठमाबाई पुढे बोलत होती, आणि आता तिचा प्रत्येक शब्द शुलामिथला ऐकावा लागत होता. "माजा धनी, बुधाजी, त्यानी एकदाच मोडला नेम. घरात पाव्हनी आल्ती, कालवनाला काय नव्हता. चिंबोऱ्या काढाया उतरला. घोट्यापावत पाय सोलून निघाले. सा महिने खाटल्यावर. मीच बोलली त्याला, देवाचा वार मोडलास, आता भोग. मारुतीम्होरं नाक घासला त्यानी. मरेपावत बोलायचा, माजा चुकला, माजा चुकला." मग पडद्यावर ट्रेलरची रांग सुरू झाली, एकामागून एक कंटेनर, त्यांच्या सावलीत बसून डबा खाणारी कंत्राटी माणसं. बाजूच्या माणसाने पूर्वीला खुणेने 'मस्त' म्हणून दाखवलं.

फिल्मचं नाव 'अकरा धुराडी', लांबी बावीस मिनिटं. पूर्वी रोडपालीची. तिच्या आजोबांची भातशेती जिथे होती तिथे आता कंटेनरचं यार्ड आहे, आणि वडील इमारती बांधतात. पोरगी हुशार, कष्टाळू, आणि बोलायला इतकी गोड की चार महिन्यांपूर्वी शुलामिथच्या दारात आली ती थेट स्वयंपाकघरात जाऊन ओट्याला टेकली. "आंटी, मला कंपनीच्या आतलं माणूस हवंय. पण प्रामाणिक. असं कोणीच भेटत नाहीये हो." हे ऐकून कोणती बाई विरघळणार नाही? तिने चहा टाकला आणि दोन दुपारी घालवून सगळं सांगितलं. पूर्वीने त्यातली चार वाक्यं घेतली. ती चार वाक्यं आणि म्हातारीचा शनिवार, दोन्ही तिने एकापुढे एक लावलं. का, तर दोघी म्हाताऱ्या, दोघी पाण्याबद्दल बोलतायत, जोडायला बरं. त्या दोहोंच्या मधे काय आहे हे पूर्वीला दिसलं नव्हतं. सभागृहात कोणालाच दिसलं नव्हतं. दिसण्यासाठी एक गोष्ट माहीत असावी लागते, आणि ती पनवेलात आता एकट्या शुलामिथला माहीत होती. ती गोष्ट अशी, की तीस वर्षांत ती एकाही शनिवारी कंपनीत गेली नव्हती.

बेने इस्रायलांना, म्हणजे आपल्या कोकणातल्या मराठी ज्यूंना, जुन्या काळी गावोगावी 'शनवार तेली' म्हणत. घाणा चालवायचे, तेल काढायचे, आणि शनिवारी बैल सोडून ठेवायचे. घाणे गेले, माणसं मुंबईला गेली, मग इस्रायलला गेली. शुलामिथच्या घरात मात्र शनिवार राहिला. शुक्रवारी संध्याकाळी दिवे लागले की चूल बंद. काळ्या मनुकांचं सरबत, भाकरीचा तुकडा, आणि शनिवारी दिवसभर आदल्या दिवशीचंच गार जेवण. बोईचं कालवण गार खाल्लं तर जास्त चांगलं लागतं असं तिचे वडील म्हणायचे, आणि ती मासळी शुक्रवारी बाजारात खाडीकाठच्या बायकांकडूनच यायची. गाडीत बसायचं नाही, पैशाला हात लावायचा नाही, कामाचा विचारसुद्धा मनात आणायचा नाही. मुंबईचे नातेवाईक हसायचे, अगं, आपले धर्मगुरू, रब्बी तरी एवढं पाळतात का! पण ती बी.एस्सी. झाली, केमिस्टच्या नोकरीसाठी निघाली, तेव्हा वडिलांनी एकच सांगितलं. "पगार कमी मिळाला तर घे. शनिवार मागून घे." आणि इंटरव्ह्यूला बसलेल्या तिघांसमोर अठ्ठावीस वर्षांच्या शुलामिथने तो मागितला. रविवारी येईन म्हणाली, दिवाळीला येईन म्हणाली, शनिवार तेवढा नको.

दोघे एकमेकांकडे बघत राहिले. तिसरा, दीनानाथ नावाचा तरुण इंजिनियर, हसून म्हणाला, "त्यात काय एवढं? आपला धर्म आपण पाळावा." पुढे हाच दीनानाथ सांडपाणी विभागाचा मुख्य झाला. सरकारने नियम कडक केले, कंपनीने पाणी शुद्ध करायचा प्लांट बांधला, आणि बाहेर पडणाऱ्या पाण्याचा रोजचा नमुना तपासून रजिस्टरात सही करायचं काम शुलामिथकडे आलं. तेव्हा तिनेच विचारलं होतं, साहेब, शनिवारचं काय? दीनानाथने हात जोडले. "मॅडम, तुम्ही नसताना दुसऱ्या कोणी तपासलं तर मला भरवसा नाही. शनिवारी नमुनाच नको. तुम्ही रविवारी सकाळी या आणि ताजं पाणी घ्या." केवढं भरून आलं होतं तिला! बघा, ह्या देशात आपल्याला कसं वागवतात, असं तिने घरी नवऱ्याला सांगितलं. तिचा नवरा जुडाह बँकेत होता, जन्माचा संशयी. तो म्हणाला, "फारच चांगले आहेत गं तुझे साहेब." तिला त्याचा राग आला. दर वर्षी मलिद्याच्या दिवशी, एलियाहू हानबी या प्रेषिताच्या नावाने पोहे, गूळ, खोबरं, फळं असं ताट केलं की त्यातला एक डबा ती दीनानाथच्या टेबलावर नेऊन ठेवायची, न चुकता. तो कपाळाला लावून खायचा.

पडद्यावर बॉयलर पेटला होता, नारिंगी उजेड पहिल्या रांगेतल्या टकलांवर पडला होता. आपण उगाच जुळवतोय, असं शुलामिथने स्वतःला बजावलं. कंपन्या तिथे पन्नास, नाले दहा, कोण कुठल्या वारी काय सोडतं कुणाला ठाऊक! मारुतीचा वार शनिवार हे काय आजचं आहे? झालं, एवढंच. पण केमिस्ट बाईचं मन तिथे थांबेना. तिने आयुष्यभर एकच काम केलेलं, शंकुपात्र हातात धरून वरच्या नळीतून थेंब थेंब सोडायचा आणि रंग बदलायची वाट बघायची. हिरवट निळं पाणी फिरत राहतं, फिरत राहतं, आणि एका थेंबाला एकदम तपकिरी होतं. तिथे थांबायचं, आकडा लिहायचा. त्या एका थेंबाआधी काहीच दिसत नाही, आणि त्यानंतर नाही म्हणायची सोय उरत नाही. आज तो थेंब पडून गेला होता, आणि आता तिला जे जे आठवत होतं त्याचा रंग बदललेला होता.

कंपनीच्या मागच्या अंगणातली मोठी टाकी, उदाहरणार्थ. कंपनी रंग बनवायची; त्यात उरणारं सगळ्यात वाईट, आंबट पाणी त्या टाकीत साठवायचं आणि थोडं थोडं करून शुद्ध करायचं, अशी पद्धत. शुक्रवारी संध्याकाळी ती घरी निघायची तेव्हा टाकीच्या बाहेरच्या काचनळीत पाणी गळ्याशी आलेलं असायचं. रविवारी सकाळी नळी रिकामी. शनिवारी प्लांट जोरात चालवतात वाटतं, असा तिचा समज. वाटतं! एका दिवसात तो प्लांट एवढं पाणी साफ करूच शकत नाही, हा हिशेब तिला येत नव्हता? दहावीच्या पोराला आला असता. आणि रविवारचे आकडे. आठवड्यातले सगळ्यात चांगले आकडे रविवारचे यायचे, वर्षानुवर्षं. त्याचं तिने काय केलं? प्रार्थनालयात सणाच्या जेवणाला सगळ्यांना कौतुकाने सांगितलं, की आमच्या कंपनीत पाणीसुद्धा शब्बाथ पाळतं, शनिवारी विसावा घेतं आणि रविवारी निर्मळ होऊन येतं. माणसं हसली होती, टाळ्या वाजवल्या होत्या. तो किस्सा इस्रायलला, अशदोदपर्यंत गेला. मुलगा जोएल अजून तिकडे आपल्या पोरांना सांगतो, तुमची आजी म्हणजे अशी. हे आठवलं तसे शुलामिथचे कान तापले. लाज वाटली तिला, साधी, उघडीवाघडी लाज. ही वाटायला अडुसष्ट वर्षं थांबावं लागलं.

आणि तो एक रविवार. तो ती विसरली होती, किंवा विसरले म्हणून ठेवून दिला होता. नाल्याच्या काठाला, सिमेंटवर, वीतभर उंचीची तांबडी रेघ होती, ओली. तिने बाटली हातात धरून ती रेघ बघितली होती. बोट लावलं होतं. बोट चुरचुरलं होतं. वर जाऊन तिने विचारलं, साहेब, ते तांबडं कसलं? दीनानाथ म्हणाला, "काल कुंड्यांना गेरू लावला मॅडम, ब्रश धुतले असतील पोरांनी." गेरूने बोट चुरचुरत नाही. हे तिला त्या क्षणी माहीत होतं. खिशात पट्टी होती. पाण्याला लावली की आंबटपणा सांगणारी कागदी पट्टी, एक रुपयाची. तिने ती काढली नाही. का नाही काढली? कारण पट्टी लाल झाली असती तर शनिवार गेला असता. पुढच्या आठवड्यापासून शनिवारचाही नमुना घ्यावा लागला असता, आणि तो तिलाच घ्यावा लागला असता, दुसरं कोणी विश्वासाचं नव्हतं, हे तर साहेबच म्हणाले होते. सहा दिवस काम कर, सातव्या दिवशी विसावा घे. तू, तुझा मुलगा, तुझी मुलगी, तुझा चाकर, तुझा बैल. यादीत पाण्याचं नाव नव्हतं. तिने बाटली भरली, वर नेली, तपासली, आकडा उत्तम आला, सही केली. खरी सही, खऱ्या आकड्याखाली. कुंपण शेत खातं म्हणतात, ते कुंपणाला कळतही असेल. ह्या कुंपणाला फक्त आठवड्यातून एक दिवस झोप घ्यायची होती.

दीनानाथ गेल्या वर्षी वारला, पुण्याला, मुलीकडे. त्याला विचारायची सोय नाही. पण विचारायची गरज तरी कुठे होती? तिच्या निरोपसमारंभात तो माइकवर म्हणालाच होता, "आवसकर मॅडमचा शनिवार नसता तर ही कंपनी कधीच बंद पडली असती." मागे उभे असलेले शनिवारच्या पाळीतले दोघे जरा जास्तच मोठ्याने हसले होते. तिला वाटलं होतं, आपल्या देवाचा आशीर्वाद कंपनीला लाभला असं म्हणतायत बिचारे. तिने डोळे पुसले होते. आता तिने वारलेल्या जुडाहला मनातल्या मनात विचारलं, तुला कळलं होतं ना रे? मग स्पष्ट का नाही बोललास? आणि जुडाह जसा नेहमी उत्तर द्यायचा तसाच, म्हणजे पेपरातून डोकं वर न काढता, म्हणाला, तू ऐकलं असतंस?

दिवे लागले. टाळ्या बऱ्याच वेळ वाजल्या. पूर्वीच्या डोळ्यांत पाणी होतं. पुढच्या आठवड्यात फिल्म केरळला महोत्सवाला निघाली होती, तिथून पुढे कुठे कुठे जाणार होती. तिने फिल्ममधल्या माणसांना पुढे बोलावून शाल-नारळ दिला. ठमाबाई पहिल्या रांगेत होती हे शुलामिथला तेव्हा कळलं. हिरवं लुगडं, केसांत अबोलीचा गजरा, पडद्यावर दिसली त्याहून बरीच बुटकी. एका पोराने विचारलं, "आजी, अजूनही शनिवारी मासेमारी बंद?" ठमाबाई म्हणाली, "मासली ऱ्हायलीय कुठं, बाबा? आता रोजचाच शनवार. पन नेम तो नेम. शनवारी अजून कोन उतरीत नाय." सगळे खळखळून हसले. मग पूर्वीने माइक शुलामिथपुढे धरला. "आंटी, दोन शब्द."

माइक हातात घेतल्यावर तिला बोलता आलं असतं. शंभर माणसं होती, त्यांतली दोन पत्रकार. पण तिच्या मनात काय आलं, तर हे सांगितलं की लोक टाळ्या वाजवतील. केवढा प्रामाणिकपणा, म्हणतील. पूर्वी कॅमेरा काढेल, आणि ह्या चुकीतूनही आपलं नाव थोडं मोठंच होईल. हे एक. दुसरं असं, की सरळ भीती वाटली. जोएल लिंक बघणार, नातवंडं बघणार. झाकली मूठ सव्वा लाखाची. आणि ही मूठ उघडेल असं तिच्याशिवाय जगात कोणी उरलं नव्हतं. ह्यातलं खरं कारण कोणतं हे तिला ठरवता येईना. "मला आज काही बोलायचं नाही," ती म्हणाली आणि माइक परत दिला. लोकांना वाटलं, बाईंचं मन भरून आलंय. त्यांनी त्यालाही टाळ्या वाजवल्या.

बाहेर पॅसेजमध्ये बटाटेवडे आणि चहा होता. शुलामिथ जिन्याकडे निघाली होती. खरंच निघाली होती, दोन पायऱ्या उतरलीही. रिक्षात बसायचं, घरी जाऊन दार लावायचं. पण उतरता उतरता तिला बुधाजी दिसायला लागला. त्याचा चेहरा तिला ठाऊक नव्हता, फिल्ममध्ये फोटोसुद्धा नव्हता, म्हणून पायच दिसत होते. मारुतीपुढे गुडघे टेकलेल्या माणसाचे मागून दिसतात तसे, फडकी गुंडाळलेले. त्या पायांना कोणीतरी सांगायला हवं होतं. मेलेल्या माणसाला सांगता येत नाही, हे कळायला केमिस्ट्री लागत नाही. ती कठड्याला धरून वळली.

ठमाबाई प्लास्टिकच्या खुर्चीत बसून वडा बशीत कुस्करत होती, शाल मांडीवर घडी करून ठेवलेली. शुलामिथने दुसरी खुर्ची ओढली. "ठमाबाई, मी शुलामिथ. कंपनीचं पाणी तपासायची ती मीच."

"बगितलं ना तुना आता. चांगली बोललीस, बाय. मना त मशीन बगूनच घाम फुटला होता."

"तुमच्या शनिवारबद्दल सांगायचंय." आणि तिने सांगितलं. आमच्या धर्मात शनिवारी काम करत नाहीत. मी शनिवारी कंपनीत नसायचे. नमुना घ्यायला कोणी नसायचं. म्हणून ते आठवड्याचं साठलेलं पाणी शनिवारी खाडीत सोडायचे. "ते तांबडं पाणी देवाचं नव्हतं हो. कंपनीचं होतं."

ठमाबाईने वडा खाली ठेवला आणि तिच्याकडे असं बघितलं की शुलामिथला आपण पहिलीत असल्यासारखं वाटलं. "कंपनीचा पानी हाय ते आमाना ठावं नाय? आमी काय येडी हाव? वास येतो, पाय जलतात, नाला कुठनं येतो ते दिसतं. आमच्या बापजाद्यांची खाडी हाय ती."

"मग मारुती...?"

"मारुतीनी कंपनीला येक वार बांधून दिला, असा गावात बोलतात. सोडायचा तर माज्या वारी सोड, बाकी सा दिस माज्या लेकरांचे. कंपनी येवढी मोठी, ती काय आमचा ऐकतेय? पन शनवार सोडून दुसरे वारी कवा पानी सोडला नाय त्यांनी. आमी बोललो, ह्यो देवाचाच धाक. नायतर कंपनीला कोनाचा धाक हाय?"

शुलामिथला वाटलं, इथेच उठावं. सभागृह ज्याला हसलं तो भोळेपणा नव्हताच. तो ह्या माणसांनी बघून, जोखून केलेला करार होता, आणि करारातला धाक म्हणजे ती होती. ती, आणि तिची एक रुपयाची पट्टी. तरी ती म्हणाली, "तो धाक माझा होता, ठमाबाई. तो वार मारुतीने दिला नाही. माझ्यामुळे पडला."

पलीकडे पूर्वी कोणाला तरी कॅमेऱ्याच्या लेन्सबद्दल सांगत होती. "म्हंजे तू शनवारी बी असतीस त?"

"त्यांनी दुसरी काही वाट काढली असती, सांगता येत नाही. पण मला कळलं असतं."

"तुना कललाच नाय? तीस वरसांत?"

"एकदा तांबडी रेघ दिसली होती. विचारलं. गेरू म्हणाले."

"न तू मानलंस?"

"मानलं."

"का म्हनून?"

"सोयीचं होतं." हे शब्द उच्चारल्यावर शुलामिथला रडू येईल असं वाटलं होतं. ते आलं नाही.

ठमाबाईने शालीची घडी उलगडली, परत घातली. "म्हंजे बुधाजीचा काय चुकला नव्हता."

"काही चुकलं नव्हतं त्यांचं."

"देवाचा वार नव्हताच तो. मग त्यानी मोडला काय?" तिचा आवाज चढला. दोन-चार माणसांनी वळून बघितलं. "सा महिने मी त्याला जेवान वाढताना बोलली. ताट आपटलाय मी त्याचेम्होरं. पोरं लहान होती, ती बी ऐकायची. न त्यो गप बसायचा, खाली मान घालून. येक दिस उलटून बोलला नाय. आता मी कोनाला सांगू?" शुलामिथने तिच्या हाताला हात लावायला हात पुढे केला. ठमाबाईने आपला हात काढून घेतला, रागाने नाही, पदराने तोंड पुसायला. पण काढून घेतला.

"मला माफ करा," शुलामिथ म्हणाली.

"मना सांगून काय उपेग? हिते बसून वडे खाता खाता?" ठमाबाई उठली. उभी राहिली तरी बसलेल्या शुलामिथएवढीच. "गावात ये. माज्या पोरांना सांग. दोघं बाप्ये झालेत, पोरंबालं झाली, तरी बापाचा विषय निगाला का बोलतात, बा नी नेम मोडला. अर्धा गाव तसाच बोलतो. तू सही करनारी बाय, तुजा ऐकतील. देवलाम्होरं सगल्यांना बशीव न सांग, बुधाजीचा काय चुकला नव्हता."

"येते. कधी येऊ?"

"शनवारी ये. शनवारीच घावतात सगली घरात."

शुलामिथने तोंड उघडलं. रविवारी चालेल का, एवढं तरी विचारावं. अडुसष्ट वर्षांत ती शनिवारी गाडीत बसली नव्हती; वडील गेले तेव्हा नाही, जुडाहला दवाखान्यात ठेवलं होतं त्या शनिवारीही ती उन्हातून चालत गेली होती. ठमाबाई नारळ पिशवीत टाकत होती, उत्तराची वाट बघत.

"गावाला पहिली एस.टी. किती वाजता असते?" शुलामिथने विचारलं.